शिलाहारांचा मूळपुरुष जीमूतवाहन : वंशकथेच्या वाचनाविषयीं कांहीं विचार

उल्हास नदीच्या तीरावरील मोहने हें गांव आज कल्याण-डोंबिवली महानगरपालिकेंत मोडतें. त्याच्या दक्षिणेस अंबरनाथाचें शिवालय असून त्यांतील लेखाचा काल शके ९८२ (इ. स. १०६०) हा आहे. नदीपलीकडे भिवंडी तालुक्यांत लोनाड आहे, तेथील लोणादित्य नामक देवास भादाणे हें गांव दिल्याचा शके ९१९ (इ. स. ९९७) चा ताम्रपट डॉ. कीलहॉर्न यांनीं प्रसिद्ध केला, हें वाचकांस विदित आहेच. हे दोन्ही लेख ठाण्याच्या शिलाहार राजघराण्याचे होत. या घराण्याचा मूळपुरुष कोण, असा प्रश्न केल्यास ताम्रपट निःसंदिग्ध उत्तर देतात : विद्याधरराज जीमूतकेतूचा पुत्र जीमूतवाहन. या उत्तराचें संशोधकानें व संग्राहकानें काय करावें, एवढाच प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

जीमूतवाहनाची कथा कथासरित्सागरांत आहे, व सातव्या शतकांतील श्रीहर्षानें तिजवर ‘नागानंद’ हें नाटक रचिलें. गरुडाच्या नित्य आहारासाठीं एकेक नाग वध्यशिलेवर जाई. शंखचूड नागाची पाळी आली असतां जीमूतवाहन त्याच्या जागीं शिलेवर बसला व त्यानें आपलें शरीर गरुडास अर्पिलें. शिलेवर आहार झाला तो शिलाहार, अशी कुलनामाची उपपत्ति या कथेवरून लावितात. ती ऐकावयास सुबक आहे. परंतु लेखांतून या कुलाचें नांव नेहमीं ‘शिलाहार’ असें येत नाहीं. ‘सिलार’, ‘शिलार’ अशींही रूपें आढळतात, आणि त्यांत ‘आहार’ मुळींच नाहीं. कथेपासून नांव निघालें असतें तर नांवाचा अर्थ सांगणारा अंशच लेखकांनीं गाळला नसता. यावरून नांव आधींचें, आणि त्यास संस्कृत रूप देऊन कथा मागाहून जोडिली, असें अनुमान आम्ही करितों.

हा प्रकार एकट्या कोंकणचा नव्हे. ग्रीक लोकांच्या पुराणांत जलप्रलयांतून वांचलेला ड्यूकॅलियन व त्याची पत्नी पिऱ्हा यांनीं मागें दगड टाकले व त्यांतून माणसें निर्माण झालीं, असें सांगितलें आहे. त्या भाषेंत ‘लाअस’ म्हणजे दगड व ‘लाऑस’ म्हणजे लोक. येथेंही शब्दसादृश्यानें कथेस आधार दिला आहे. ड्यूकॅलियनचा पुत्र हेल्लेन. त्याचे पुत्र डोरस व एओलस, आणि तिसरा पुत्र झूथस याचे पुत्र इऑन व अकीअस. हेल्लेनीस, डोरियन, एओलियन, आयोनियन व अकीयन हीं जनांचीं नांवें प्रथम होतीं. त्यांवरून एकेक पूर्वज कल्पिला गेला आणि त्या सर्वांस एका घरांत आणून भाऊबंद केलें.

आतां आमच्या घराण्याकडे वळूं. कान्हेरीच्या लेण्यांतील शके ७६५ (इ. स. ८४३) च्या लेखांत पुल्लशक्ति व शके ७९९ (इ. स. ८७७) च्या लेखांत दुसरा कपर्दी हे राष्ट्रकूट अमोघवर्षाचे मांडलिक म्हणून येतात. त्यांत जीमूतवाहनाचें नांव नाहीं. परंतु ते लेख बौद्ध दात्यांच्या देणग्यांचे आहेत. राजाची वंशावळ सांगणें हें त्यांचें प्रयोजन नव्हे. म्हणून केवळ या मौनावरून कथा त्या काळीं नव्हती असें म्हणणें धाडसाचें होईल. अपराजिताच्या भादाण्याच्या ताम्रपटांत मात्र जीमूतवाहनापाठोपाठ कपर्दी, पुल्लशक्ति, लघुकपर्दी, वप्पुवन्न, झंझ, गोग्गि, वज्जड व स्वतः अपराजित अशी माळ लागते. पैकीं पुल्लशक्ति व लघुकपर्दी यांस कान्हेरीचा आधार आहे; झंझास अरब प्रवासी मसूदी याचा आहे, कारण तो इ. स. ९१६ मध्यें चेऊल येथें आला असतां तेथें याच नांवाचा राजा असल्याचें लिहितो. म्हणजे माळेंतील हे मणी बाहेरच्या साक्षीनें खरे ठरतात. जीमूतवाहनास तशी साक्ष नाहीं, व त्याच्या आणि पहिल्या कपर्दीच्या मध्यें एकही पिढी सांगितलेली नाहीं. जेथें कथा संपून इतिहास सुरू होतो तो सांधा असा उघडा आहे.

मग वरचा भाग टाकून द्यावा काय ? आमच्या मतें तसें करणें हानिकारक होईल. शिलाहारांचीं तीन मुख्य घराणीं : ठाण्याचें, दक्षिण कोंकणचें व कोल्हापूरचें. ठाण्याचा आद्यपुरुष कपर्दी, दक्षिण कोंकणचा सणफुल्ल, ज्याचें नांव रट्टराजाच्या शके ९३० (इ. स. १००८) च्या खारेपाटण ताम्रपटांत आहे, कोल्हापूरचा जतिग. या तिघांचें परस्पर नातें कोणताही ताम्रपट सांगत नाहीं. तिन्ही घराण्यांस एकत्र बांधणाऱ्या गोष्टी दोनच : जीमूतवाहनाचा अन्वय आणि ‘तगरपुरवराधीश्वर’ हें बिरुद. तगर म्हणजे धाराशिव जिल्ह्यांतील तेर. कथा खोटी असली तरी ती तिघांनीं सांगावी, ही गोष्ट खरी आहे; आणि ‘आम्ही एका कुलाचे’ ही त्यांची जाणीव केवळ या वरच्या भागांतच शिल्लक राहिली आहे. याज्ञवल्क्यस्मृतीवरील अपरार्क टीकेच्या समाप्तिलेखांतही राजा अपरादित्य आपणांस विद्याधरवंशींचा व जीमूतवाहनाच्या अन्वयांतला म्हणवितो. तो समाप्तिलेख नुसती अलंकारिक भर समजून गाळला असता, तर टीकाकार कोंकणचा शिलाहार होता हेंच कळण्यास अडचण पडली असती.

वंशावळ ही पूर्वीं शोभेची वस्तु नव्हती. मॅसिडोनियाचा पहिला अलेक्झांडर ऑलिंपियाच्या शर्यतींत उतरूं लागला तेव्हां प्रतिस्पर्ध्यांनीं तो ग्रीक नसल्याची हरकत घेतली. आपलें कुल अर्गॉसचें असल्याचें सिद्ध केल्यावरच त्यास प्रवेश मिळाला, असें हिरोडोटस सांगतो. आपल्याकडे वतनाच्या तंट्यांत वंशावळीवर निवाडे अवलंबून राहत. म्हणूनच ज्यावर हक्क उभा राहतो त्या कागदांत पूर्वज वाढविण्याचा मोहही होतो. हेकाटिअसनें थीब्ज येथील पुरोहितांस आपण सोळाव्या पिढीस देवापासून झालों असें सांगितलें. तेव्हां त्यांनीं त्यास ३४५ पुरोहितांचे पुतळे मोजून दाखविले, ज्यांत बापामागें लेक होता, देव एकही नव्हता. साक्ष मोजून पाहण्याचा हा पाठ आम्हांस अजूनही उपयोगी आहे.

यास्तव संग्राहकांस आमची विनंति अशी कीं, ठाणें, कल्याण वा अन्य कोठेंही कुलवृत्तान्त किंवा वंशावळीचें बाड हातीं आल्यास त्याची नक्कल अथपासून इतिपर्यंत करावी. देव, ऋषि, विद्याधर हे वगळूं नयेत. वगळल्यास ते कोणत्या पिढीवर थांबतात हें पुढच्यास कळणार नाहीं. नामांचीं रूपें जशीं असतील तशींच ठेवावीं. ‘सिलार’ असें असेल तेथें ‘शिलाहार’ असें शुद्ध करणारा नकलकार, नांव आधीं कीं कथा आधीं, या प्रश्नाचा एकुलता एक पुरावा पुसून टाकतो. अक्षर कोठें बदललें, शाई कोठें निराळी आहे, हें समासांत टिपावें. शोधकानें कथेस इतिहास म्हणूं नये. पण ती कोणी, केव्हां व कशासाठीं सांगितली हा इतिहासच आहे.