देहाचें वजन

एखादें चित्र नापसंत करतांना आपल्या घरांतून बहुधा एकच कारण सांगण्यांत येतें : "माणसें सुंदर काढलेलीं नाहींत." डॉ. सुधीर पटवर्धन यांच्या चित्रांवर हा आक्षेप हमखास येतो. तो खोटा आहे असें मी म्हणणार नाहीं. परंतु सौंदर्य दाखविण्यासाठीं तीं चित्रें काढलेलींच नाहींत.

पटवर्धनांचा जन्म १९४९ सालीं पुण्यास झाला. चित्रकलेच्या शाळेंत ते शिकले नाहींत. १९७२ मध्यें ते पुण्यास डॉक्टर झाले आणि १९७५ पासून २००५ पर्यंत त्यांनीं ठाण्यास क्ष-किरणतज्ज्ञ म्हणून काम केलें. रोग्यांच्या हाडांच्या छाया वाचावयाच्या आणि उरल्या वेळीं कॅनव्हासवर माणूस उभा करावयाचा, असा हा दुहेरी उद्योग! क्ष-किरणांना मोडलेलें हाड दिसतें, मोडलेलें मन दिसत नाहीं. चित्रकाराच्या हातीं तर केवळ वरचें कातडें. आंत काय चाललें आहे तें त्यानें तेवढ्यावरून कळवावयाचें.

तें कळविण्याची एक रीत नाटकी आहे. डोळ्यांत पाणी, कपाळीं हात. रविवर्म्याच्या छापील चित्रांतून ती आपल्या भिंतींवर आली, आणि तिची गोडी अद्याप गेलेली नाहीं. दुसरी रीत वजनाची. थकलेला मनुष्य बसला म्हणजे त्याचे खांदे कोठें उतरतात, पंजे मांडीवर कसे पडतात, उभ्या माणसाचा भार कोणत्या पायावर येतो, हें पाहावयाचें आणि चेहरा मात्र फारसा बोलूं द्यावयाचा नाहीं. 'इराणी रेस्टॉरंट' (१९७७), 'ट्रेन' (१९८०), 'ओव्हरब्रिज' (१९८१) हीं चित्रें या दुसऱ्या रीतीचीं. देहाला डोंगराप्रमाणें घडीव वजन देणारा फ्रेंच चित्रकार सेझान पटवर्धनांना जवळचा वाटला, यांत नवल नाहीं.

येथें एक अवघड प्रश्न उभा राहतो. मजुराचा देह पांढरपेशा डॉक्टरानें रंगवावा आणि तें चित्र एखाद्या सुखवस्तु गृहस्थानें दिवाणखान्यांत लावावें, यांत त्या मजुराचें काय? पटवर्धनांवर मार्क्सवादी विचारांचा प्रभाव होता, त्यामुळें हा प्रश्न त्यांना टाळतां येण्याजोगा नव्हता. त्यांचा मजूर आपल्याकडे दयेची याचना करीत नाहीं; तो स्वतःच्या जागीं भरभक्कम असतो. एवढा मान चित्रकारानें राखला. प्रश्न मात्र त्यामुळें सुटला, असें मला वाटत नाहीं.

१९८१ सालीं 'प्लेस फॉर पीपल' हें प्रदर्शन मुंबईस व दिल्लीस झालें. भूपेन खख्खर, गुलाममोहम्मद शेख, नलिनी मलानी प्रभृतींबरोबर पटवर्धनहि त्यांत होते. अमूर्त रंगरेषांचा दबदबा असतां चित्रांत माणसाला पुन्हां जागा द्यावी, हा त्यांचा आग्रह नांवांतच आहे.

पुढें १९८२ चा गिरणी-संप झाला, कालांतरानें गिरण्या बंद पडल्या, त्यांच्या जमिनींवर मनोरे चढले. 'लोअर परळ' (२००१) हें विस्तीर्ण चित्र या पालटाचें. येथें शहरच इतकें पसरलें आहे कीं, पूर्वीं चौकट भरून बसणारा तो माणूस आतां गर्दींत शोधावा लागतो.