अर्ज माहेरच्या गावात

एखादीचं माहेर उज्जैनच्या टावर चौकात, सासर पुण्याला. नवरा फोनवर ‘हातपाय मोडीन’ म्हणतो. दाद मागायला पुण्याला खेटे घालायला नकोत. कौटुंबिक हिंसाचार कायदा २००५, कलम २७ नुसार ती तात्पुरती राहते तिथल्या न्यायदंडाधिकाऱ्याकडे, म्हणजे उज्जैनलाच, अर्ज चालतो. निकाल पहिल्या सुनावणीपासून ६० दिवसांत लावायचा प्रयत्न व्हावा, असं कायदा म्हणतो. पण ती मुदत पाळतं कोण! म्हणून कलम २३ खाली एकतर्फी अंतरिम आदेश लगेच मागावा. सोबत प्रतिज्ञापत्र हवं. धमकीचे मेसेज पुसू नयेत. संरक्षण आदेश मोडल्यास वर्षापर्यंत कैद, २० हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील मोफत मिळतो, स्त्रियांना उत्पन्नाची अट नाही. धमकावणारा शेजारी असेल तर मात्र हा कायदा कामाचा नाही. तिथे कार्यकारी दंडाधिकारी शांतता राखण्याचं बंधपत्र लिहून घेऊ शकतो.