पेशीच्या अंगावर किती पदर?

चहाचा एक चमचा भरून तेल घ्या. एवढ्या तेलाने किती पाणी झाकता येईल? परातभर? हौदभर? पतंग उडवून विजेचा शोध घेणारा बेंजामिन फ्रँकलिन तुम्हाला ठाऊक असेलच. त्याने लंडनच्या क्लॅपहॅम कॉमन इथल्या तळ्यात जेमतेम एवढंच तेल ओतलं. वाऱ्याने पाण्यावर बारीक लाटा उठत होत्या. तेल पसरत गेलं तशा त्या शांत होत गेल्या आणि बघता बघता अर्धा एकर पाणी सपाट झालं. अर्धा एकर म्हणजे चक्क वीस गुंठे! 1774 मध्ये त्याने ही हकिकत छापून जगाला कळवली.

यातलं एक गणित फ्रँकलिनने केलं नव्हतं, ते आपण करू. चमच्यात धरा 5 मिलिलीटर तेल. अर्धा एकर म्हणजे साधारण 2000 चौरस मीटर. तेवढ्या जागेवर ते सारखं पसरलं, तर थराची जाडी येते 2.5 नॅनोमीटर. पट्टीवरच्या एका मिलिमीटरचे चार लाख भाग केले, तर त्यातला एक भाग! तेलाचा थर याहून फारसा पातळ होऊच शकत नाही, कारण तेलाचा एक रेणूच जवळपास तेवढा असतो. म्हणजे त्या तळ्यावर तेलाच्या रेणूंचा एकेरी थर पसरला होता.

हे घरी करून बघा. परात स्वच्छ घासा आणि साबणाचा अंशही उरणार नाही अशी खळखळून धुवा. तिच्यात पाणी भरा, वर टाल्कम पावडर अगदी हलक्या हाताने भुरभुरवा. आता काडीचं टोक तेलात बुडवून नीट निथळू द्या आणि पाण्याच्या मधोमध टेकवा. पावडर झटकन कडेला पळेल. तिला ढकलत गेलेला तेलाचा थर तुम्हाला दिसणार नाही, पण तो कुठवर पोचला ते पावडरीच्या कडेवरून कळेल. न दिसणारी गोष्ट अशी पकडता येते, हे मला फार आवडतं. आजची गोष्ट सगळी त्यावरच उभी आहे.

जर्मनीत ब्राउनश्वाइग नावाचं शहर आहे. तिथे आग्नेस पॉकेल्स ही मुलगी राहायची. तिला विज्ञानाची विलक्षण ओढ होती, पण त्या काळी तिथल्या विद्यापीठांत मुलींना प्रवेशच नव्हता. आग्नेस घर सांभाळायची, आजारी आईवडिलांची सेवा करायची. तिचा धाकटा भाऊ भौतिकशास्त्र शिकत होता, त्याच्याकडून ती पुस्तकं मिळवायची. भांडी धुताना पाण्यावर तेलकट तवंग येतो, त्याने पाण्याचं वागणं बदलतं, हे तिने हेरलं. मग तिने पत्र्याचं लांबट, उथळ पन्हळ घेतलं, ते काठोकाठ भरलं आणि त्यावर पत्र्याची एक पट्टी आडवी ठेवली. पट्टी सरकवली की पाण्यावरचा तवंग दाटतो किंवा विरळ होतो. तराजूच्या एका बाजूला तिने एक छोटं बटण टांगलं आणि ते पाण्याला टेकवलं. ते पाण्यापासून सुटायला किती जोर लागतो, त्यावरून पृष्ठभागाचा ताण मोजता येई. स्वयंपाकघरात उभं राहून तिने हे मोजमाप वर्षानुवर्षं केलं. 1891 मध्ये तिने इंग्लंडचे मोठे शास्त्रज्ञ लॉर्ड रॅली यांना जर्मनमध्ये पत्र लिहिलं. रॅलींच्या पत्नीने त्याचं भाषांतर केलं आणि रॅलींनी ते ‘नेचर’ या नामवंत नियतकालिकाकडे धाडून दिलं. ते छापून आलं! पुढे अमेरिकेत अर्व्हिंग लँगम्यूरने असंच पन्हळ आणखी नेटकं केलं. 1932 मध्ये त्याला नोबेल पारितोषिक मिळालं आणि त्याच वर्षी ब्राउनश्वाइगच्या तंत्र विद्यापीठाने सत्तर वर्षांच्या आग्नेसबाईंना मानद डॉक्टरेट दिली. किती उशिरा!

आता पेशीकडे वळू. आपलं शरीर पेशींचं बनलेलं आहे आणि प्रत्येक पेशीला पटल असतं, हे तुम्ही शाळेत शिकलात. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला शास्त्रज्ञांना एवढा अंदाज होता की या पटलात मेद असावेत. तेलात विरघळणारे पदार्थ पेशीत सहज शिरतात, हे चार्ल्स ओव्हर्टनने दाखवलं होतं. पण पटल दिसायचं कुणाला? साध्या सूक्ष्मदर्शकातून त्याची जाडी कळणं शक्यच नव्हतं.

नेदरलँड्समधल्या लायडन शहरात एव्हर्ट गॉर्टर आणि त्यांचे सहकारी फ्रांस्वा ग्रेंडेल यांनी हा प्रश्न हाती घेतला. गॉर्टर होते लहान मुलांचे डॉक्टर! त्यांनी रक्तातल्या तांबड्या पेशी निवडल्या. ही निवड मोठी हुशारीची होती. आपल्या तांबड्या पेशीत केंद्रक नसतं, आत कुठलेही पडदे नसतात. मग तिच्यात जो काही मेद सापडेल, तो सगळा बाहेरच्या पटलाचाच असणार. माणूस, कुत्रा, मेंढी, बकरी, ससा आणि गिनीपिग, सगळ्यांचं रक्त त्यांनी घेतलं. पेशी मोजल्या, प्रत्येकीचं क्षेत्रफळ काढलं. मग ॲसिटोनने त्यांतला मेद वेगळा केला, तो बेंझिनमध्ये विरघळवून पन्हळातल्या पाण्यावर सोडला. बेंझिन उडून गेलं, मेदाचा एकेरी थर मागे राहिला. पट्टी सरकवत सरकवत त्यांनी त्याचं क्षेत्रफळ मोजलं.

ते भरलं पेशींच्या क्षेत्रफळाच्या दुप्पट.

याचा अर्थ काय? समजा, रंगाऱ्याने शंभर चौरस फुटांची भिंत रंगवली आणि त्यात दोनशे चौरस फुटांना पुरेल एवढा रंग संपला. तुम्ही लगेच म्हणाल, रंगाचे दोन हात दिले असणार. गॉर्टर आणि ग्रेंडेल यांनीही तेच म्हटलं. पेशीचं पटल एकपदरी नाही, दुपदरी आहे. साल होतं 1925.

खरं तर त्यांच्या मोजणीत दोन चुका होत्या. ॲसिटोनने सगळा मेद निघालाच नव्हता आणि पेशीचं क्षेत्रफळही त्यांनी खऱ्यापेक्षा कमी धरलं होतं. दोन्ही आकडे सारखेच खाली आले, त्यामुळे गुणोत्तर बरोबर आलं! उत्तराबद्दल शंका मात्र उरली नाही. 1950 नंतर इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकातून पटलाची चित्रं मिळाली, त्यांत दोन काळ्या रेघा आणि मध्ये फिकी जागा स्पष्ट दिसली.

पण दोनच पदर का? पटलातल्या मेदाच्या रेणूला एक डोकं असतं आणि दोन लांब शेपट्या. डोक्याला पाणी आवडतं, शेपट्यांना पाण्याचं वावडं. पेशीच्या आतही पाणी, बाहेरही पाणी. मग रेणू काय करतात? एक रांग डोकी बाहेर करून उभी राहते, दुसरी डोकी आत करून, आणि सगळ्यांच्या शेपट्या मधोमध कोरड्या राहतात. त्यांना कुणी रचावं लागत नाही. 1960 नंतर इंग्लंडमध्ये ॲलेक बँगहॅमने अंड्याच्या बलकातला मेद पाण्यात घालून हलवला, तर त्याच्या इवल्याशा पोकळ पिशव्या आपोआप तयार झाल्या. अशा पिशव्यांतून आता औषधं दिली जातात. कोविडच्या एमआरएनए लशींमध्येही नाजूक एमआरएनए मेदाच्या सूक्ष्म कणांच्या आधारानेच पेशीपर्यंत पोचतो. भारताची पहिली अशी लस पुण्यात तयार झाली आणि 2022 मध्ये तिला मंजुरी मिळाली.

हे रेणू जागच्या जागी चिकटून बसलेले असतात असं मात्र समजू नका. एका सेकंदात एकेक रेणू लाखो वेळा शेजारी बदलतो! 1970 मध्ये फ्राय आणि एडिडिन यांनी उंदराची एक पेशी माणसाच्या पेशीला जोडून दोघींची मिळून एकच पेशी केली. एकीच्या पटलातली प्रथिनं हिरवी चमकतील आणि दुसरीची तांबडी, अशी सोय त्यांनी केली. आधी अर्धी पेशी हिरवी आणि अर्धी तांबडी दिसली. चाळीस मिनिटांत दोन्ही रंग सगळीकडे मिसळले. पेशी थंडीत ठेवल्या तर मात्र रंग जवळजवळ मिसळलेच नाहीत. पटल पातळ, वाहतं असतं, म्हणूनच त्यातली प्रथिनं तरंगत इकडून तिकडे जाऊ शकतात.

एवढी धावपळ चालते ती आपापल्या पदरात. आतल्या पदरातून उलटून बाहेरच्या पदरात जाणं रेणूला फार कठीण, कारण पाण्यावर प्रेम करणारं डोकं कोरड्या शेपट्यांच्या गर्दीतून न्यावं लागतं. पेशी याचा छान उपयोग करते. फॉस्फॅटिडिलसेरिन नावाचा मेद ती ऊर्जा खर्चून आतल्याच पदरात ठेवते. पेशी मरायला टेकली की हा बंदोबस्त ढासळतो आणि तो मेद बाहेरच्या पदरात येतो. सफाई करणाऱ्या पेशींसाठी ही खूण असते: ‘मला खाऊन टाका.’ त्या येतात आणि तिला गिळतात.

ही खूण शास्त्रज्ञांनीही ओळखली आहे. ॲनेक्सिन नावाचं एक प्रथिन या मेदाला घट्ट पकडतं. त्याला चमकणारा रंग जोडून ते पेशींवर टाकलं, की धडधाकट पेशी अंधारातच राहतात आणि मरणाऱ्या पेशी उजळतात. कर्करोगावरचं नवं औषध प्रयोगशाळेत तपासताना त्याने किती पेशी मारल्या हे असंच मोजतात, आणि उजळलेल्या पेशी मोजणारी यंत्रं सेकंदाला हजारो पेशी तपासतात.