खाष्ट सासूचं माहेर अमरावती
वऱ्हाडचा पडदा : भाग ५

गेल्या आठवड्यात आपण सी. पी. बेरार सर्किटबद्दल बोललो. सिनेमाचं वितरण ज्या गावांतून चालायचं त्यात भुसावळच्या बरोबरीनं अमरावतीचं नाव होतं. रिळांच्या पेट्या इथून अकोल्याला, यवतमाळला जायच्या. पण सिनेमात काम करायचं, तर गाव सोडण्यावाचून गत्यंतर नव्हतं. आजच्या भागातल्या बाईंचा तर जन्मच तेवढा अमरावतीचा. अभिनेत्री दया डोंगरे, ११ मार्च १९४०.

घरात नाटक आणि गाणं दोन्ही मुरलेलं. आई यमुताई मोडक रंगभूमीवरच्या, आत्या शांता मोडक गायिका-अभिनेत्री. दयाताईंचं शिक्षण धारवाड आणि पुण्यात झालं. शास्त्रीय गाणं शिकल्या, आणि नाटकाच्या ओढीनं थेट दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयापर्यंत पोचल्या. गाण्याचा मुद्दा ध्यानात ठेवा, कारण पुढे पडद्यावर त्या फारशा गायल्या नाहीत तरी गाणं वाया गेलं नाही. तीन-तीन ओळींचं वाक्य एका दमात, प्रत्येक अक्षर सुटं ठेवून फेकायचं, तर श्वास तयार लागतो.

मग मुंबई दूरदर्शन, 'गजरा', 'स्वामी'. 'स्वामी'त त्या गोपिकाबाई होत्या. माधवराव सोळाव्या वर्षी पेशवे झाले, आणि सत्तेची सवय असलेली आई वाड्यातच बसलेली. अशी बाई उभी करायला आरडाओरडा कामाचा नाही. मुलाचं बोलणं संपेपर्यंत ऐकून घ्यायचं आणि मग एकच वाक्य टाकायचं, एवढ्यावर दिवाणखाना गार पडला पाहिजे. मला स्वतःला दयाताई सर्वांत आवडतात त्या इथे. पण लोकांनी लक्षात ठेवली ती सासू.

याला कारण त्या काळचा मराठी सिनेमा. ऐंशीच्या दशकात तमाशापट मागे पडला आणि शहरी घरातला विनोदी चित्रपट पुढे आला. 'नवरी मिळे नवऱ्याला' १९८४चा, 'खट्याळ सासू नाठाळ सून' १९८७चा. पाटील, सावकार हे जुने खलनायक या ब्लॉकमध्ये, बंगल्यात मावेनात. अडसर तर हवाच. मग तो घरातच, देवघर आणि स्वयंपाकघर यांच्या मध्ये उभा केला गेला.

आता या कामाची मेख बघा. लक्ष्या किंवा अशोक सराफ वेष पालटून घरात शिरलेत, प्रेक्षक हसून लोळतोय, आणि समोरच्या बाईला त्यातलं काही म्हणजे काही कळलेलं नाही. तिचा चेहरा जरा सैल पडला, आपणही गमतीत सामील आहोत असं तिनं नुसतं डोळ्यांनी सुचवलं, की प्रसंग कोसळला. दयाताईंचा चेहरा सैल पडत नसे. कपाळावर ठसठशीत कुंकू, मान ताठ, नजर समोरच्याच्या चपलांपासून वर चढत जाणारी. हशा दुसऱ्याच्या नावावर जमा व्हायचा, उभा मात्र यांच्या गांभीर्यावर असायचा. पारितोषिकं वाटणाऱ्यांना हे दिसत नाही, ही माझी जुनी तक्रार आहे.

शिक्का बसला तो बसलाच. 'उंबरठा'सारख्या चित्रपटातही त्या होत्या, हे आज किती जणांना आठवतं?

पुढे मालिकांनी सासूचं गणितच बदललं. चित्रपटातली सासू अडीच तासांत वठणीवर यायची. २००१ला सुरू झालेली 'चार दिवस सासूचे' अकरा वर्षं चालली. रोज संध्याकाळी घरात येणारी सासू नुसती खाष्ट असून भागत नाही, तिला दुःख द्यावं लागतं, भूतकाळ द्यावा लागतो. तोवर दयाताई कामातून हळूहळू बाजूला झाल्या होत्या. ३ नोव्हेंबर २०२५ला, वयाच्या ८५व्या वर्षी त्या गेल्या.

एक गोष्ट मात्र राहतेच. वऱ्हाडात जन्मलेल्या या बाईंची लोकांच्या लक्षात राहिलेली सासू बोलली ती पुण्या-मुंबईची प्रमाण मराठी. तेव्हा पडद्यावर वऱ्हाडी आली, तर गड्याच्या नाहीतर बावळट पाहुण्याच्या तोंडी. मालकिणीनं 'काहून बे' म्हणावं, हे कुणा लेखकाला सुचलं नाही. ती बोली ताठ मानेनं घराघरांत पोचवणारे भारत गणेशपुरे, तेही अमरावतीचेच. त्यांच्याबद्दल पुढच्या भागात.