ओनिगिरी

ओनिगिरी हा शिजवलेल्या भाताला मीठ लावून आणि दोन्ही तळहातांमध्ये दाबून केलेला जपानी खाद्यपदार्थ आहे. तिचा आकार बहुधा त्रिकोणी असतो. गोल आणि लांबट प्रकारही प्रचलित आहेत. मध्यभागी थोडेसे खारट वा आंबट सारण आणि बाहेरून नोरी या समुद्री शेवाळाचा पापडासारखा पातळ पत्रा, अशी तिची आजची रूढ रचना आहे. सुशी आणि ओनिगिरी यांत पुष्कळदा गल्लत होते. सुशीच्या भातात शिरका व साखर मिसळतात, ओनिगिरीचा भात मात्र साधा असतो. मराठी वाचकाला ताटात वाटीने पाडलेली भाताची मूद परिचित आहे. ओनिगिरी ही एका अर्थी हातात धरून वाटेने खाता येणारी मूद होय.

अलीकडच्या काळात ओनिगिरीचा उल्लेख आरोग्यदायी आणि पर्यावरणाला अनुकूल असे ‘फास्टफूड’ म्हणून होऊ लागला आहे. या म्हणण्यात तथ्य आहे, पण ते सरसकट खरे मानता येत नाही. घरी वळलेली ओनिगिरी आणि दुकानातून विकत घेतलेली ओनिगिरी दिसायला सारख्या असल्या तरी या बाबतीत त्यांचा हिशेब वेगवेगळा मांडावा लागतो.

व्युत्पत्ती

‘निगिरु’ या जपानी क्रियापदाचा अर्थ मुठीत घट्ट धरणे, दाबणे असा आहे. त्यापासून झालेल्या नामाला ‘ओ’ हा आदरार्थी उपसर्ग लागून ‘ओनिगिरी’ शब्द बनला. मराठीत राव आणि पंत माणसांच्या नावापुढे लागतात. जपानीत हा मान भाताच्या गोळ्यालाही मिळाला आहे. ‘मुसुबु’ म्हणजे बांधणे, जोडणे. त्यावरून आलेला ‘ओमुसुबी’ हा शब्दही याच पदार्थासाठी वापरला जातो. ऑक्सफर्ड इंग्रजी शब्दकोशाने २०२४ मध्ये ‘ओनिगिरी’ या शब्दाची नोंद केली.

इतिहास

जपानच्या इशिकावा प्रांतात १९८७ मध्ये यायोई काळातील एका वस्तीच्या अवशेषांत भाताचा जळून कोळसा झालेला एक गोळा सापडला. त्यावर बोटांनी दाबल्याच्या खुणा असल्याचे सांगितले जाते. हा गोळा आजच्यासारखा शिजवलेल्या भाताचा नसून वाफवून भाजलेला असावा, असे मानले जाते. त्यामुळे त्याला पहिली ओनिगिरी म्हणण्यापेक्षा तिची पूर्वज म्हणणे अधिक योग्य ठरते. अकराव्या शतकातील ‘गेंजी मोनोगातारी’ या मुरासाकी शिकिबू हिच्या कादंबरीत ‘तोन्जिकी’ या भाताच्या गोळ्यांचा उल्लेख येतो. समारंभाच्या वेळी सेवकांना ते वाटले जात.

पुढे सैनिक, शेतकरी आणि वाटसरू यांची ही शिदोरी झाली. भांडे नको, चमचा नको, पुन्हा तापवायला चूल नको, ही तिची मोठी सोय होती. बांबूच्या कोंबावरची सुकलेली साल वेष्टन म्हणून गुंडाळत. एदो काळात (१६०३–१८६८) कागद बनवण्याच्या पद्धतीने नोरीचे पत्रे तयार होऊ लागले आणि चिकट भाताला हात न लावता धरण्याची सोय झाली. रेल्वे आल्यावर १८८५ मध्ये उत्सुनोमिया स्थानकावर विकले गेलेले पहिले खाद्यपुडके म्हणजे दोन ओनिगिरी आणि खारवलेला मुळा होता, असे परंपरेने सांगितले जाते. यामागाता प्रांतातील त्सुरुओका येथे १८८९ मध्ये एका मंदिरातील शाळेत गरीब मुलांना मोफत दुपारचे जेवण देण्यास सुरुवात झाली. जपानमधील शालेय भोजनाचा तो आरंभ मानला जातो, आणि त्या जेवणातही ओनिगिरी, भाजलेला खारा मासा आणि लोणचे हेच होते.

संकटकाळातही तिचा उपयोग झाला आहे. १७ जानेवारी १९९५ रोजी कोबे परिसरात झालेल्या भूकंपानंतर घरदार गमावलेल्या लोकांना स्वयंसेवकांनी मोठ्या प्रमाणावर ओनिगिरी वाटल्या. त्या मदतीची आठवण म्हणून १७ जानेवारी हा दिवस पुढे ‘ओमुसुबी दिन’ म्हणून पाळला जाऊ लागला.

भात, मीठ आणि मूठ

ओनिगिरीसाठी आखूड दाण्याचा जापोनिका जातीचा तांदूळ लागतो. तांदळातील पिष्ट अमायलोज आणि अमायलोपेक्टिन या दोन घटकांचे असते. अमायलोज जितके कमी तितका भात मऊ आणि चिकट होतो. बासमतीसारख्या लांब दाण्याच्या तांदळाचा भात मोकळा होतो तो अमायलोज अधिक असल्यामुळे. जपानमध्ये १९५६ साली नोंदणी झालेला ‘कोशिहिकारी’ हा वाण या कामासाठी विशेष नावाजलेला आहे.

हात ओले करून त्यावर मीठ चोळतात, गरम भात घेतात, मधे खळगा करून सारण ठेवतात आणि तीन-चार वेळा फिरवत आकार देतात. दाबण्याचे प्रमाण हेच खरे कौशल्य आहे. बाहेरचा थर एकमेकांना धरून राहिला पाहिजे आणि आतली शिते मोकळी राहिली पाहिजेत. लाडवासारखी घट्ट वळलेली ओनिगिरी बिघडलेली समजतात. टोकियोच्या आसाकुसा भागात १९५४ पासून चालणारे ‘यादोरोकु’ हे दुकान केवळ ओनिगिरीचे आहे, आणि मिशेलिन मार्गदर्शिकेच्या २०१९ च्या आवृत्तीत त्याचा समावेश झाला होता.

पारंपरिक सारणांत उमेबोशी हे खारवलेले आंबट फळ, भाजलेला सामन मासा, कोम्बू हे शेवाळ आणि वाळवून किसलेला मासा ही प्रमुख आहेत. उमेबोशीतील आम्ल आणि मीठ यांमुळे भात टिकण्यास काहीशी मदत होते. आंब्याच्या लोणच्याची फोड प्रवासाच्या दहीभाताबरोबर देण्यामागे आपल्याकडे जो विचार आहे, त्याच्याशी याचे नाते सहज लक्षात येते.

नोरीची कथा स्वतंत्रपणे सांगण्यासारखी आहे. हे शेवाळ शतकानुशतके गोळा केले जात होते, पण त्याचे बीजाणू उन्हाळ्यात कोठे जातात हे कोणालाच उमगले नव्हते. त्यामुळे पीक नशिबाच्या हवाली असे. ब्रिटिश वनस्पतिशास्त्रज्ञ कॅथलीन ड्रू-बेकर यांनी १९४९ मध्ये दाखवून दिले की या शेवाळाच्या जीवनचक्रातील एक अवस्था शिंपल्यांच्या कवचात वाढते. या शोधावर जपानमधील नोरीची आधुनिक शेती उभी राहिली. ड्रू-बेकर जपानला कधी गेल्या नाहीत. तरीही कुमामोतो प्रांतातील उतो येथे त्यांचे स्मारक आहे आणि दरवर्षी १४ एप्रिलला तेथे त्यांचे स्मरण केले जाते.

दुकानातील ओनिगिरी आणि संमिश्र प्रकार

१९७० च्या दशकापर्यंत ओनिगिरी हा प्रामुख्याने घरचा पदार्थ होता. तो विकत कशाला घ्यायचा, असा अनेकांचा प्रश्न असे. रात्रंदिवस उघड्या असणाऱ्या छोट्या दुकानांच्या साखळ्यांनी हे चित्र पालटले. भाताचा ओलावा लागला की नोरी मऊ पडते, ही मुख्य अडचण होती. सेव्हन-इलेव्हन जपानने १९७८ मध्ये नोरी आणि भात यांच्यामध्ये प्लॅस्टिकचा पातळ पडदा ठेवणारे वेष्टन आणले. खाताना पडदा ओढून काढला की कुरकुरीत नोरी भाताला चिकटते. ही युक्ती ओनिगिरीच्या लोकप्रियतेचे कारण ठरली, आणि तिच्यावरील आजच्या मोठ्या आक्षेपाचेही.

परकीय चवींचा शिरकावही याच दुकानांतून झाला. ट्यूना मासा आणि मायोनीज यांचे सारण १९८३ मध्ये बाजारात आले. भातात मायोनीज ही कल्पना प्रथम विचित्र वाटली असली तरी आज ते सर्वाधिक खपणाऱ्या सारणांपैकी एक आहे. हवाई बेटांवर ऊसमळ्यांत कामाला गेलेल्या जपानी स्थलांतरितांची मुसुबी आणि १९३७ पासून अमेरिकेत विकले जाणारे ‘स्पॅम’ हे डबाबंद मांस यांच्या संयोगातून ‘स्पॅम मुसुबी’ तयार झाली. कोरियातील ‘सामगाक किम्बाप’ म्हणजे तिळाच्या तेलाचा वास असलेली, किमची वा मसालेदार मांस भरलेली त्रिकोणी ओनिगिरीच. न वळता, सँडविचप्रमाणे घडी घालून कापण्याचा ‘ओनिगिराझु’ हा प्रकार ‘कुकिंग पापा’ या चित्रकथेतून आला आणि २०१४ च्या सुमारास घरोघरी पोचला.

‘अकुमा नो ओनिगिरी’ म्हणजे ‘सैतानाची ओनिगिरी’ हा प्रकार या यादीत उठून दिसतो. अंटार्क्टिकावरील जपानी संशोधनतळाच्या स्वयंपाकिणीने तेम्पुराच्या तळणातून उरलेला चुरा भातात कालवून रात्रपाळीच्या लोकांसाठी तो केला. रात्री खाल्ला तर वजन वाढेल, तरी हात थांबत नाही, म्हणून हे नाव पडले. तेथे अन्न वाया घालवणे परवडणारे नव्हते. २०१८ मध्ये लॉसन या साखळीने हीच चव दुकानात आणली तेव्हा ती उरलेल्या चुऱ्याची राहिली नाही, मुद्दाम बनवलेल्या चुऱ्याची झाली.

आहारमूल्य

१०० ग्रॅम शिजवलेल्या पांढऱ्या भातात सुमारे १५६ किलोकॅलरी ऊर्जा, ३७ ग्रॅम कर्बोदके आणि २.५ ग्रॅम प्रथिने असतात. स्निग्ध पदार्थ नाममात्र असतात. दुकानातील एक साधी ओनिगिरी साधारण एवढ्याच वजनाची असते. तळण नसल्यामुळे सामोसा वा वडापाव यांच्या तुलनेत तिच्यात तेल फारच कमी असते. मायोनीज आणि तळलेल्या मांसाच्या प्रकारांत मात्र हा फायदा कमी होत जातो.

मिठाचा विचार सहसा मागे पडतो. एका ओनिगिरीत एक ते दीड ग्रॅम मीठ असू शकते. जागतिक आरोग्य संघटनेने प्रौढ व्यक्तीसाठी सुचवलेली मर्यादा दिवसाला पाच ग्रॅमांहून कमी आहे. दुपारच्या जेवणाला तीन ओनिगिरी खाणाऱ्याचे निम्म्याहून अधिक मीठ तेथेच संपते. सडलेल्या पांढऱ्या भाताने रक्तातील साखरही लवकर वाढते, त्यामुळे मधुमेहींसाठी ती आपोआप पथ्याची ठरत नाही.

पांढऱ्या भातावरच विसंबून राहण्याचे परिणाम जपानने भोगलेले आहेत. एदो शहरात सडलेला तांदूळ खाण्याची चाल वाढली तसा बेरीबेरी हा रोग पसरला. त्याला ‘एदोचे दुखणे’ असेच नाव पडले. १८८० च्या दशकात नौदलातील वैद्य ताकाकी कानेहिरो यांनी खलाशांच्या आहारात प्रथिने आणि जव वाढवून हा रोग आटोक्यात आणला. सुझुकी उमेतारो यांनी १९१० मध्ये तांदळाच्या कोंड्यातून रोगनिवारक घटक वेगळा केला. तोच पुढे ब-१ जीवनसत्त्व म्हणून ओळखला गेला. जव, हातसडीचा तांदूळ किंवा कडधान्ये मिसळलेल्या ओनिगिरी आज ‘आरोग्यदायी’ म्हणून विकल्या जातात, त्यामागे हा जुना अनुभव आहे.

पर्यावरण आणि नासाडी

जपान आपल्या अन्नाच्या एकूण उष्मांकांपैकी सुमारे ३८ टक्केच देशात पिकवतो. गव्हाचा बहुतांश पुरवठा आयातीचा आहे, तांदूळ मात्र जवळजवळ सगळा देशातलाच. या दृष्टीने पावाऐवजी ओनिगिरी निवडणे म्हणजे दूरच्या वाहतुकीऐवजी जवळच्या शेताचे अन्न निवडणे होय. १९६२ मध्ये माणशी वार्षिक ११८ किलो असलेला तांदळाचा खप आता ५० किलोच्या आसपास आला आहे, आणि भातखाचरे टिकवण्यासाठीही या पदार्थाकडे पाहिले जाते. पण पुरवठा नाजूक असल्याचे २०२४–२५ मध्ये दिसून आले. वर्षभरात तांदळाचे भाव जवळपास दुप्पट झाले, पाच किलोची पिशवी ४,००० येनच्या वर गेली आणि सरकारला राखीव साठा बाजारात आणावा लागला.

भातशेतीची दुसरी बाजूही आहे. पाण्याखालच्या चिखलात ऑक्सिजन नसल्याने तेथील सूक्ष्मजीव मिथेन वायू निर्माण करतात, आणि माणसामुळे होणाऱ्या मिथेन उत्सर्जनात भातखाचरांचा वाटा लक्षणीय आहे. खाचर सतत भरलेले न ठेवता मधूनमधून सुकू दिल्यास हे उत्सर्जन बरेच घटते. नोरीला खत किंवा गोडे पाणी घालावे लागत नाही. परंतु समुद्राचे वाढते तापमान आणि पोषकद्रव्यांची कमतरता यांमुळे आरिआके समुद्रातील नोरीचे पीक अलीकडच्या काही हंगामांत घसरले आहे.

दुकानातील प्रत्येक ओनिगिरीबरोबर प्लॅस्टिकचे तीन तुकडे कचऱ्यात जातात. त्याहून गंभीर गोष्ट न विकल्या गेलेल्या मालाची आहे. फडताळे सदैव भरलेली दिसावीत म्हणून गरजेपेक्षा अधिक माल मागवला जातो आणि मुदत संपताच तो टाकला जातो. मुदत जवळ आलेला माल स्वस्तात विकण्यापासून दुकानदारांना रोखल्याबद्दल जपानच्या व्यापार आयोगाने २००९ मध्ये एका मोठ्या साखळीविरुद्ध आदेश काढला होता. अन्ननासाडी रोखण्याचा कायदा २०१९ मध्ये आला. त्यानंतर दुकानांत ‘तेमाए-दोरी’, म्हणजे मागचा ताजा माल न उकरता पुढचा आधी उचला, अशा पाट्या लागल्या. घरी उरलेल्या भाताची ओनिगिरी करणाऱ्याला अर्थातच अशा पाटीची गरज पडत नाही.

महाराष्ट्रातील तांदूळ आणि साठवण

महाराष्ट्रात जापोनिका तांदूळ महाग पडतो. मावळातील वडगाव येथील कृषी संशोधन केंद्रात विकसित झालेला ‘इंद्रायणी’ हा वाण शिजल्यावर मऊ आणि चिकट होतो, त्यामुळे घरगुती ओनिगिरीसाठी तो चालतो. आंबेमोहोरही वळता येतो. कोलम मात्र सुटा होतो. नोरी न मिळाल्यास भाजलेले तीळ किंवा मेतकूट बाहेरून लावता येते.

शीतकपाटात ठेवलेल्या भातातील पिष्ट कडक होते आणि ओनिगिरी कोरडी लागते, म्हणून जपानी दुकाने ती २० अंश सेल्सियसच्या आसपास ठेवतात. भारतीय उन्हाळ्यात हे शक्य नसते. शिजलेल्या भातात ‘बॅसिलस सेरेअस’ या जिवाणूचे बीजाणू तग धरून राहतात आणि उबेत वाढून विष तयार करतात. ते विष पुन्हा गरम केल्यानेही नष्ट होत नाही. त्यामुळे अशा हवेत ओनिगिरी सकाळी करून संध्याकाळपर्यंत डब्यात ठेवू नये. शिळ्या, गार भाताचा गोळाही नीट धरत नाही. भात वाफ निघत असतानाच वळावा लागतो.