डॉ. भाऊ दाजी

गोव्यातील पेडणे तालुक्यात मांद्रे नावाचे गाव आहे. एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या पंचवीस वर्षांत तेथील एका गरीब घराण्यात रामकृष्ण विठ्ठल लाड यांचा जन्म झाला. हेच पुढे ‘भाऊ दाजी’ या नावाने सर्वांना परिचित झाले.

भाऊ लहान असतानाच हे कुटुंब उपजीविकेसाठी मुंबईस आले. मातीच्या बाहुल्या विकून कसाबसा चरितार्थ चाले. अशा घरातील मुलाने इंग्रजी शाळेची पायरी चढावी, ही त्या काळी सहज घडणारी गोष्ट नव्हती. परंतु भाऊ बुद्धिबळात मोठे तरबेज होते. त्यांचा खेळ पाहून एका इंग्रज गृहस्थाने त्यांच्या वडिलांस सल्ला दिला, की या मुलास इंग्रजी शिक्षण द्यावे. वडिलांनी तो मानला. एल्फिन्स्टन विद्यालयात भाऊंनी विद्येची कास धरली आणि पुढे तेथेच ते शिक्षक झाले. कच्छ व काठेवाड या प्रांतांत मुलगी जन्मताच तिला मारून टाकण्याची दुष्ट चाल होती. त्या विषयावरील त्यांच्या निबंधास बक्षीस मिळाले.

१८४५ साली मुंबईत ग्रँट मेडिकल कॉलेज सुरू झाले. भाऊंनी शिक्षकाचा पेशा सोडून पुन्हा विद्यार्थी होण्याचे ठरविले. हा निर्णय धाडसाचा होता. शरीराची रचना कळण्यासाठी तेथे प्रेताचे विच्छेदन करावे लागे आणि प्रेतास शिवणे म्हणजे विटाळ, अशी समाजाची समजूत होती. शस्त्रक्रियेचे शास्त्रही तेव्हा बाल्यावस्थेत होते. रोग्यास गुंगी आणण्यासाठी क्लोरोफॉर्मचा उपयोग होऊ लागला, तो १८४७ पासून. १८५१ साली या कॉलेजची पहिली तुकडी पदवी घेऊन बाहेर पडली. तीत भाऊ दाजी होते.

त्यांच्या व्यवसायाचा जम लवकरच बसला. धनिकांकडून पैसा मिळू लागला. पण गरिबीचे चटके ते विसरले नाहीत. आपले बंधू डॉ. नारायण दाजी यांच्यासह त्यांनी गरिबांसाठी धर्मार्थ दवाखाना चालविला. महारोग्यांस समाज गावाबाहेर लोटीत असे. त्यांच्यासाठी भाऊंनी देशी वनस्पतींचा अभ्यास आरंभिला आणि कडू कवठीच्या बियांच्या तेलाचा प्रयोग करून पाहिला.

रोग्याची सेवा करता करता त्यांची दृष्टी समाजाच्या दुखण्यांकडेही वळली. मुलींच्या शाळांना त्यांनी साहाय्य केले. १८५२ साली स्थापन झालेल्या बाँबे असोसिएशनचे ते चिटणीस होते. लोकांची गाऱ्हाणी या संस्थेने विलायतेच्या पार्लमेंटपर्यंत पोहोचविली. उरलेल्या वेळात ते जुने शिलालेख व नाणी यांचा अभ्यास करीत.

अशा भरभराटीच्या काळात मोठे संकट आले. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे तेथील कापूस विलायतेस जाईनासा झाला आणि मुंबईच्या कापसास सोन्याचा भाव आला. शहरात शेअरांच्या सट्ट्याला ऊत आला. १८६५ साली युद्ध संपले, भाव कोसळले आणि अनेक श्रीमंत एका रात्रीत निर्धन झाले. भाऊ दाजीही या तडाख्यातून सुटले नाहीत. आयुष्यभर कष्टाने मिळविलेली संपत्ती हातची गेली.

संपत्ती गेली, तरी लोकांचा विश्वास गेला नाही. १८६९ साली ते मुंबईचे नगरपाल, म्हणजे शेरीफ, झाले. १८७१ साली हा मान त्यांना पुन्हा मिळाला. नगरपाल हा शहराचा प्रतिष्ठित अधिकारी. नागरिकांच्या जाहीर सभा बोलाविण्याचे काम त्याच्याकडे असे. ज्या शहरात भाऊंच्या कुटुंबाने बाहुल्या विकून दिवस काढले, त्याच शहराने त्यांना या पदाचा मान दिला.

१८७४ साली त्यांचे निधन झाले. भायखळ्याच्या वस्तुसंग्रहालयाच्या उभारणीत त्यांनी मोठे श्रम घेतले होते. १९७५ साली त्या संग्रहालयास डॉ. भाऊ दाजी लाड यांचे नाव देण्यात आले. सट्ट्यात बुडालेले त्यांचे धन आज कोणाच्या स्मरणात नाही. गरिबांसाठी वेचलेले ज्ञान आणि श्रम मात्र लोकांच्या स्मरणात राहिले.