पाच दिवसांचे युद्ध, तेरा महिन्यांची भीती

हैदराबादचे युद्ध किती दिवस चालले, असे इतिहासाच्या तासाला विचारले, तर मुले तत्काळ सांगतात, ‘पाच दिवस’. १३ सप्टेंबर १९४८ रोजी भारतीय सैन्य निजामाच्या राज्यात शिरले. १७ तारखेला निजामाने शरणागती जाहीर केली. उत्तर बरोबर आहे. परंतु तलमडुगुसारख्या सीमेकडील गावांचा हिशेब त्यात पुरा होत नाही.

आदिलाबाद जिल्ह्याच्या उत्तरेस पैनगंगा वाहते. पलीकडे यवतमाळ जिल्हा. दोन्ही तीरांवर मराठी बोलली जाते, सोयरिकी होतात. १५ ऑगस्ट १९४७ नंतर मात्र ही नदी दोन सत्तांमधील सरहद्द ठरली. त्या वर्षी २९ नोव्हेंबरला एक वर्षाचा ‘जैसे थे’ करार झाला, पण परस्परविश्वास काही आला नाही. हैदराबाद सरकारने आपल्या मुलखात भारतीय नाणे बेकायदा ठरविले. भारताने मालाच्या वाहतुकीवर निर्बंध आणले.

युद्ध घरात शिरते ते असे. पलीकडे मिळालेला रुपया अलीकडे चालेनासा होतो. राज्याला समुद्रकिनारा नाही, म्हणून मिठाची चिंता लागते. रझाकारांच्या धाकाने अनेक कुटुंबे वऱ्हाडात गेली. पण शेतकऱ्याने जावे कसे? सैन्य आले तेव्हा पोळा होऊन पंधरवडाही उलटला नव्हता. ज्वारी आणि कापूस रानात उभे होते. जावे तर पीक जाते, राहावे तर जिवाची शाश्वती नाही. अशा वेळी खरी बातमी दुर्मिळ होते आणि अफवेला पाय फुटतात. कालचा शेजारी आज कोणाच्या बाजूचा, हा प्रश्न मनात घर करतो.

श्रोतेहो, हा संशय युद्धाबरोबर संपत नाही. विजयानंतर मराठवाड्यासह अनेक भागांत निरपराध मुसलमान सूडाला बळी पडले. भारत सरकारनेच पाठविलेल्या पंडित सुंदरलाल समितीने मृतांची संख्या २७ ते ४० हजार असावी, असा अंदाज केला. तो अहवाल अनेक दशके लोकांसमोर आला नाही. भीतीने केवळ घर बदलले होते.

म्हणून मुलांना तारखा शिकविताना एवढे अवश्य सांगावे: तोफा थांबविणे सरकारांच्या हाती असते, शेजाऱ्याविषयीचा संशय आवरणे मात्र आपल्याच हाती असते, आणि ते काम तोफा धडाडण्यापूर्वीच करावे लागते.